गेटच्या अलीकडची टेस्ट: मेक्सिकोच्या सीमेवरचं एक प्रकरण

मुलगी नोकरी मागायला कारखान्याच्या दवाखान्यात जाते, नर्स तिच्या हातात प्लास्टिकची डबी देते आणि संडासाकडे बोट दाखवते. ती बाहेर आली की प्रश्न सुरू. शेवटची पाळी कधी आली, लग्न झालंय का, नवरा सोबत राहतो का, संबंध कितीदा येतो, गोळ्या घेतेस का. आणि नोकरी कसली तर टीव्हीचे पार्ट जोडायची नाहीतर गाडीच्या वायरींना टेप गुंडाळायची. टेस्ट गरोदरपणाची. रिपोर्ट निगेटिव्ह आला तर कामावर घेणार, पॉझिटिव्ह आला तर परत पाठवणार. १९९० च्या दशकात मेक्सिकोच्या उत्तर सीमेवर, पश्चिमेच्या तिहुआनापासून पूर्वेच्या मातामोरोसपर्यंत, कित्येक कारखान्यांत असंच चालायचं. यावरून जे प्रकरण उभं राहिलं ते मी पहिल्यांदा वाचलं तेव्हा एचआरमध्ये नोकरीला होते आणि माझ्याच टेबलावर मेडिकलच्या फॉर्मचा गठ्ठा पडलेला होता, त्यामुळे ते डोक्यातून गेलं नाही. त्या गठ्ठ्याबद्दल पुढे लिहितेच.

आधी हे कारखाने काय आहेत ते. त्यांना माकिलादोरा म्हणतात, बोलताना नुसतं माकिला. मूळ शब्द दळणाचा आहे, शेतकऱ्याचं धान्य दळून दिल्यावर गिरणीवाला मजुरी म्हणून पिठातला जो वाटा ठेवून घ्यायचा तो माकिला. कारखान्यांचंही तसंच, कच्चा माल अमेरिकेतून येणार, इथे जोडणी होणार, तयार माल परत अमेरिकेत, मेक्सिकोत मागे काय राहणार तर मजुरी. अमेरिकेच्या कस्टमच्या नियमांत ८०६.३० आणि ८०७ अशी दोन कलमं होती, त्यांच्यामुळे परत येणाऱ्या मालातल्या अमेरिकन भागांवर ड्युटी लागायची नाही, फक्त बाहेर जी भर पडली तिच्यावर लागायची. आणि भर म्हणजे मुख्यतः मजुरीच, म्हणजे मजुरी जितकी स्वस्त तितकी ड्युटीही कमी.

मेक्सिको सरकारने १९६५ मध्ये सीमेवर ही योजना आणली तेव्हा कारण वेगळंच सांगितलं होतं. १९४२ पासून मेक्सिकन शेतमजुरांना अमेरिकेत नेणारा ब्रासेरो कार्यक्रम १९६४ मध्ये बंद झाला, हजारो पुरुष सीमेवरच्या गावांत बेकार होऊन बसले, त्यांना काम मिळावं म्हणून हे कारखाने. कारखाने आले खरे पण त्यांनी पुरुष घेतलेच नाहीत, घेतल्या सोळा ते चोवीस वयाच्या मुली. सत्तरच्या दशकात लाइनवर दर पाच कामगारांत साधारण चार बायका असायच्या. मॅनेजर लोक सांगायचे की बायकांची बोटं नाजूक, बायकांना धीर जास्त. मला हे कधीच पटलेलं नाही. खरं कारण साधं होतं, घर सोडून पहिल्यांदा पगार बघणारी, युनियन माहीत नसलेली, दोन-तीन वर्षांत लग्न करून आपणहून निघून जाईल अशी मुलगी त्यांना हवी होती. म्हणजे ती बाई आहे म्हणूनच घ्यायची, आणि बाईला मूल होतं म्हणून तिची डबी तपासायची. दोन्ही एकाच गेटवर.

कामाबद्दल थोडं सांगते, कारण "असेम्ब्ली" या शब्दात ते दिसत नाही. वायर हार्नेस म्हणजे गाडीच्या आत पसरलेलं वायरींचं जाळं. दारापेक्षा मोठा लाकडी बोर्ड तिरका उभा केलेला असतो, त्यावर खुंट्या ठोकलेल्या आणि प्रत्येक वायरची वाट रेघेने आखलेली. बाई त्याच्यापुढे उभी राहते, बंडलातून रंगाप्रमाणे वायर उचलते, खुंट्यांमधून फिरवते, टोकाचं कनेक्टर कट् असा आवाज येईपर्यंत दाबते आणि शेवटी सगळ्यावर काळी टेप गुंडाळते. पुष्कळ ठिकाणी बोर्डच सरकत असतात, म्हणून हात थांबवायचा तर पुढचीचं काम अडतं. आठ-नऊ तास पायांवर उभं. अंगठ्याचं पेर आणि मनगट आधी जातं, मग कंबर. सहाव्या महिन्यात पोट त्या बोर्डला टेकतं.

तर मुद्दा असा की कारखान्याला गरोदर बाईचं एवढं वावडं का? "मालक वाईट" एवढ्या उत्तरावर आपण थांबलो तर या प्रकरणातलं काहीच कळणार नाही, मेक्सिकोचा कायदा उघडून बघावा लागतो. तो कायदा कागदावर चांगला आहे, आपल्यापेक्षा जुना आणि काही बाबतीत उदारही. बाळंतपणाआधी सहा आठवडे, नंतर सहा आठवडे पूर्ण पगारी रजा, परत आल्यावर बाळाला पाजायला दिवसातून अर्ध्या अर्ध्या तासाच्या दोन सुट्ट्या, गरोदरपणात जड काम द्यायचं नाही. रजेचा पगार सामाजिक विमा संस्था देते, मालकाला खिशातून घालावा लागत नाही. पण अट आहे. रजा सुरू व्हायच्या आधीच्या बारा महिन्यांत बाईच्या नावावर किमान ३० आठवड्यांचे हप्ते भरलेले पाहिजेत. ते नसतील तर रजेचा सगळा पगार मालकाने द्यायचा.

आता हिशोब करून बघा, मी कागदावर केला तेव्हा गरगरलं. डॉक्टर गरोदरपण शेवटच्या पाळीपासून मोजतात, चाळीस आठवडे. रजा सहा आठवडे आधी सुरू होते म्हणजे चौतिसाव्या आठवड्याला. बाई नोकरीला लागल्यावर तिला दिवस गेले तर रजेपर्यंत तीस आठवडे आरामात भरतात, पगार विमा देतो. पण ती कामाला लागताना आठ आठवड्यांची गरोदर असेल तर रजेपर्यंत सव्वीसच भरतात, आणि बारा आठवड्यांचा पगार मालकाच्या अंगावर येतो. रेघ कुठे पडते तर चौथ्या आठवड्याच्या आसपास, म्हणजे पाळी चुकली की नाही एवढ्यावर. ते पोट बघून कळत नाही, विचारून बाई खरं सांगेल याची खात्री नाही, मग उरते लघवीची टेस्ट. बाईच्या काळजीपोटी घातलेल्या अटीतून ही टेस्ट निघाली हे मला सगळ्यात जास्त लागलं.

बरं, हा हिशोबही प्रामाणिकपणे कोणी करत नव्हतं. हप्ते बाईच्या नावावर जमा होतात, कारखान्याच्या नाही. माकिलांमध्ये बायका सतत एक कारखाना सोडून दुसऱ्यात जायच्या, तेव्हा आधीच्या ठिकाणचे आठवडेही धरले जातात, आणि दारात आलेल्या अनेकींचे ते भरलेलेही असणार. कोणी ते बघायचं नाही. पॉझिटिव्ह म्हणजे बाहेर, विषय संपला.

आत गेल्यावरही सुटका नव्हती. पुष्कळ ठिकाणी ३०, ६०, ९० दिवसांचे छोटे करार असायचे आणि त्या काळात दिवस गेले तर करार पुढे वाढायचा नाही. काही कारखान्यांत तर पाळी आली हे दाखवायला वापरलेलं पॅड नर्सला दाखवावं लागायचं. हे वाक्य लिहिताना मी दोनदा थांबले, पण लिहायलाच पाहिजे कारण "तपासणी" या गुळगुळीत शब्दामागे नेमकं हेच होतं. जिचं कळलं तिला बसून करायच्या कामावरून उभ्याच्या कामावर टाकायचं, नाहीतर जड उचलायला लावायचं, ओव्हरटाइमची सक्ती करायची, आणि ती थकली की "स्वखुशीचा राजीनामा" असा कागद पुढे करायचा. म्हणून बायका लपवायच्या. ढगळ कपडे, डॉक्टरकडे न जाणं, सोल्डरिंगच्या धुरात आणि सॉल्व्हंटच्या वासात पाचवा-सहावा महिना काढणं. आपल्याकडे ऊसतोडीला जाणाऱ्या बायकांचा खाडा, म्हणजे एक दिवस कामाला गेलं नाही की कापले जाणारे पैसे, काय असतो हे ज्यांना माहीत आहे त्यांना मी हे वेगळं काय समजावून सांगणार.

प्रकरण कसं उभं राहिलं

मार्च १९९५ मध्ये ह्युमन राइट्स वॉच या मानवी हक्कांसाठी काम करणाऱ्या संस्थेचे लोक तिहुआना, चिवावा, मातामोरोस, रेनोसा आणि रिओ ब्रावो या पाच शहरांत जाऊन बायकांशी बोलले, आणि ऑगस्ट १९९६ मध्ये त्यांचा अहवाल आला. यातल्या बहुतेक बायकांना हे बेकायदेशीर असू शकतं हेच माहीत नव्हतं, त्यांना वाटायचं नोकरीला फोटो आणि शाळेचा दाखला लागतो तशी ही टेस्ट लागते. मला तर अहवालातली सगळ्यात महत्त्वाची गोष्ट हीच वाटते. अन्याय इतका रोजचा झाला होता की त्याला कोणी अन्याय म्हणतच नव्हतं.

तेव्हा नाफ्टा, म्हणजे अमेरिका, कॅनडा आणि मेक्सिको यांचा व्यापार करार, नुकताच, १ जानेवारी १९९४ ला, लागू झाला होता आणि त्याच्या शेजारी कामगारांसाठी एक जोडकरार होता. त्यात सोय अशी की एका देशात कामगार कायदा पाळला जात नसेल तर दुसऱ्या देशाच्या कामगार खात्यातल्या खास कार्यालयाकडे तक्रार करायची. १६ मे १९९७ ला ह्युमन राइट्स वॉच, वॉशिंग्टनचा इंटरनॅशनल लेबर राइट्स फंड आणि मेक्सिकोच्या लोकशाहीवादी वकिलांची राष्ट्रीय संघटना या तिघांनी मिळून अमेरिकेच्या कार्यालयात तक्रार टाकली, क्रमांक ९७०१. आरोप कंपन्यांवर नव्हता, मेक्सिको सरकारवर होता, की तुमचा कायदा भेदभावाला मनाई करतो आणि तुम्ही तो राबवत नाही.

मेक्सिको सरकारचं उत्तर ऐका. आमचा कामगार कायदा कामगाराला संरक्षण देतो, आणि कामगार कोण तर जिचं नोकरीचं नातं सुरू झालंय ती, टेस्ट त्याच्या आधी होते, म्हणजे ती बाई अजून कामगारच नाही, म्हणजे कायदा मोडलाच गेला नाही.

म्हणून मी याला गेटच्या अलीकडची टेस्ट म्हणते. अख्खा कायदा गेटच्या आत उभा होता, रजा, सुट्ट्या, हलकं काम, सगळं आत. बाई बाहेर फुटपाथवर. जिला त्या संरक्षणाची खरी गरज होती तिला आत येऊच दिलं जात नव्हतं, आणि मग कागदोपत्री सगळं बिनचूक दिसत होतं कारण आत आलेल्यांपैकी फार थोड्यांना ते हक्क वापरायची वेळ येत होती.

१९ नोव्हेंबर १९९७ ला टेक्सासमधल्या ब्राऊन्सव्हिलला जाहीर सुनावणी झाली. ब्राऊन्सव्हिल म्हणजे मातामोरोसच्या अगदी समोरचं गाव, मध्ये फक्त नदी आणि पूल. ज्या पुलावरून त्यांनी जोडलेला माल रोज ट्रकने पलीकडे जायचा तो ओलांडून, स्वतःच्या गावातल्या कारखान्याबद्दल स्वतःच्या सरकारविरुद्ध, परक्या देशाच्या अधिकाऱ्यांसमोर बोलायचं, तेही पाळी आणि लघवीबद्दल. गावात नाव कळलं तर पुढची नोकरी मिळणं मुश्कील. बोलणाऱ्याला काय किंमत पडू शकते हे मी नोकरीत असताना जवळून बघितलंय, म्हणून माझ्या लेखी या प्रकरणात सगळ्यात धाडसी काम कोणी केलं असेल तर तोंड उघडणाऱ्या बायकांनी, वकील आणि संस्था नंतर.

जानेवारी १९९८ मध्ये अमेरिकन कार्यालयाचा अहवाल आला. नोकरीवर असलेल्या बाईला गरोदर म्हणून छळून घालवणं मेक्सिकोच्या कायद्यात सरळ बेकायदेशीर आहे, असं त्यात म्हटलं. पण नोकरीआधीच्या टेस्टबद्दल मेक्सिकोतच वेगवेगळे अर्थ लावले जातात असं नोंदवून दोन्ही देशांच्या मंत्र्यांनी बोलून घ्यावं अशी शिफारस केली. मंत्र्यांचं बोलणं झालं, ऑक्टोबर १९९८ मध्ये एक सहमतीचा कागद झाला, मार्च १९९९ मध्ये मेरिदाला परिषद भरली, मग सीमेवर मॅकॅलनला जनजागृतीचा कार्यक्रम झाला. आणि तक्रारीची वाट इथेच संपली.

ती इथे संपणार हे करारातच लिहिलेलं होतं. जोडकरारात हक्कांच्या पायऱ्या केल्या होत्या. बालमजुरी, किमान वेतन आणि कामावरची सुरक्षितता या तीनच विषयांत प्रकरण दंडापर्यंत जाऊ शकत होतं. युनियन करण्याचा हक्क मंत्र्यांच्या चर्चेपुढे सरकतच नव्हता. बायकांशी भेदभाव मधल्या पायरीवर, फार तर तज्ज्ञांची समिती बसेल, दंड कधीच नाही. कराराच्या व्यापाराच्या भागात मात्र गुंतवणूकदाराला परक्या सरकारला थेट लवादात खेचता येत होतं. हे दोन भाग शेजारी ठेवून वाचले की कोणाच्या नुकसानीला किती किंमत होती ते समजतं, आणि मला त्याचा आजही राग येतो.

तरी काहीच झालं नाही असं म्हणणं खोटं होईल. अहवालाच्या गाजावाजानंतर १९९७ मध्ये जनरल मोटर्सने आपल्या मेक्सिकोतल्या कारखान्यांत नोकरीआधीची टेस्ट बंद करत असल्याचं जाहीर केलं. याचा अर्थ नीट बघा, टेस्टशिवाय कारखाना चालतो हे यातून सिद्ध झालं. तीस आठवड्यांची अट तीच होती, बायकांची संख्या मोठीच होती, तरी मोठा उद्योग ते ओझं उचलू शकत होता. मग बाकीचे का नाही? पण डिसेंबर १९९८ मध्ये ह्युमन राइट्स वॉचने दुसरा अहवाल काढला तेव्हाही टेस्ट इतर ठिकाणी सर्रास सुरूच होती.

कायदा बदलायला २०१२ साल उजाडलं. त्या वर्षी नोव्हेंबरच्या शेवटी मेक्सिकोच्या कामगार कायद्यात मोठी दुरुस्ती झाली आणि मालकांना काय करता येणार नाही त्या यादीत कलम १३३ मध्ये नवीन ओळ आली, की नोकरीत घेताना, ठेवताना किंवा बढती देताना गरोदर नसल्याचं मेडिकल सर्टिफिकेट मागायचं नाही. "घेताना" हा शब्द महत्त्वाचा, सरकार पंधरा वर्षांपूर्वी ज्या फटीत उभं होतं ती त्याने बुजवली. म्हणजे तक्रारीपासून दुरुस्तीपर्यंत पंधरा वर्षं. १९९७ मध्ये गेटवरून परत गेलेल्या बाईचं ते मूल तोवर जवळपास पंधरा वर्षांचं झालं होतं.

अजून एक गोष्ट, जी मला फारशी कुठे बोलली गेलेली दिसत नाही. १ जुलै २०२० ला नाफ्टाच्या जागी नवीन करार आला, त्यात कामगारांसाठी झटपट कारवाईची यंत्रणा आहे आणि ती खरंच चालते, मातामोरोसच्या ट्रायडोनेक्स कारखान्याबद्दल २०२१ मध्ये तक्रार झाली आणि २०२२ मध्ये तिथे कामगारांनी मतदान करून नवीन युनियन निवडलीसुद्धा. पण ही झटपट यंत्रणा फक्त युनियन आणि सामूहिक कराराच्या हक्कांसाठी आहे. गरोदर म्हणून नाकारलेल्या बाईसाठी करारात भेदभावाविरुद्ध कलम आहे, पण ती वाट झटपट नाही, सरकारने सरकारशी वाद घालायची.

आता आपल्याकडचं

मुंबईत अंधेरीला १९७३ मध्ये सीप्झ, म्हणजे निर्यातीच्या कारखान्यांसाठीचं खास क्षेत्र, सुरू झालं तेव्हा तिथेही निर्यातीच्या इलेक्ट्रॉनिक्सच्या लाइनवर मुलीच बसवल्या. आपल्या १९६१ च्या मातृत्व लाभ कायद्यानेही अट घातली, आधीच्या बारा महिन्यांत १६० दिवस काम, ती पुढे ८० दिवसांवर आणली. आणि कर्मचारी राज्य विमा (ईएसआय) ज्यांना लागू नाही अशा बायकांच्या रजेचा सगळा पगार मालकाने द्यायचा. २०१७ मध्ये रजा २६ आठवडे केली तेव्हा आम्ही सगळ्यांनी पेढे वाटले, पण त्या २६ आठवड्यांचा भार सरकारने किंवा विम्याने वाटून घेतला नाही, तो त्या एका मालकाच्या डोक्यावर तसाच ठेवला. मेक्सिकोच्या प्रकरणातून मी शिकले ते हे, की पैसा कोण भरणार याचं उत्तर जिथे "हिला कामावर घेणारा" असं असतं तिथे घ्यायच्या आधीच चाळणी लागते, मनाई करणारी ओळ कायद्यात असो वा नसो. मेक्सिकोत विमा होता तरी तीस आठवड्यांची फट पुरली. आंतरराष्ट्रीय कामगार संघटनेचा २००० सालचा १८३ नंबरचा करार उमेदवाराची गरोदरपणाची टेस्ट करायला मनाई करतो, आरोग्याला धोका असलेल्या ठरावीक कामांचा अपवाद सोडून. मेक्सिकोने त्याला मंजुरी दिलेली नाही आणि भारतानेही नाही.

आणि तो माझ्या टेबलावरचा गठ्ठा. ती एक मध्यम कंपनी होती, नाव सांगत नाही. जॉइन होण्याआधीच्या मेडिकलमध्ये छातीचा एक्स-रे असायचा आणि फॉर्मवर बायकांसाठी एक जास्तीचा रकाना, एलएमपी, म्हणजे शेवटच्या पाळीची तारीख. एक्स-रेच्या आधी हे विचारणं बरोबरच आहे, पोटातल्या बाळाला धोका नको म्हणून कुठलाही चांगला डॉक्टर विचारेल. पण तो फॉर्म डॉक्टरकडे राहायचा नाही. संध्याकाळी पाकिटातून माझ्याकडे यायचा, अख्खा, तारखेसकट, आणि मी त्यातून नावांची यादी करून वर पाठवायचे. दोनदा असं झालं की यादीतून एक नाव परत आलं नाही, समोर कारण लिहिलेलं नव्हतं. मी विचारलं नाही. नंतर, मेक्सिकोचं हे सगळं वाचून झाल्यावर, मी एवढंच करून घेऊ शकले की दवाखान्याकडून एचआरकडे फक्त "फिट" किंवा "अनफिट" एवढ्या एका ओळीची स्लिप येईल आणि फॉर्म डॉक्टरच्याच कपाटात, कुलपात राहील. त्यासाठी चार महिने भांडावं लागलं. त्या दोन मुलींचे फोन नंबर फॉर्मवर होते, ते मी तेव्हा कुठे उतरवून घेतले नाहीत.